फोटोत येतो

निवडणूक हरल्यावर सभापती घरी आला तो मिठाच्या ट्रकमध्ये बसून.

थोरला तेव्हा सडकेकडेच्या मिठाच्या ढिगावर पाटी रिकामी करत होता. ट्रक थांबला, क्लीनरच्या बाजूचं दार उघडलं. आधी एक चामड्याची बॅग खाली आली, मग पांढऱ्या विजारीतला एक पाय जमीन चाचपडत आला. माणसाचं तोंड दिसायच्या आधीच थोरल्यानं ओळखलं. लहानपणी बांधावरून वाफ्यात उतरताना धाकटा भाऊ बारक्या असाच पाय चाचपडत उतरायचा, जणू खाली जमीन असेल की नसेल याची त्याला खात्री नसे.



"आलो, दादा."

"गाडी कुठंय?"

"गाडी सरकारची होती. सरकार गेलं." तो हसला. घसा अजून प्रचाराचा, बसलेला. "हा ड्रायव्हर भला माणूस. म्हणाला, साहेब बसा, मीसुद्धा तुम्हालाच मत दिलंय. वाटेत भेटला तो प्रत्येक जण हेच सांगतोय. मग मी पडलो कसा, तेवढं मात्र कुणी सांगत नाही."

थोरल्यानं रिकामी पाटी उगाच झटकली. मग बॅग उचलली आणि घराकडे चालायला लागला. मागून भाऊ येत होता. उन्हानं चकाकणाऱ्या वाफ्यांमधली वाट अरुंद होती, त्यामुळे तोंडाकडे बघायचा प्रश्न नव्हता, हे बरं झालं.

गावात त्याला नावानं कुणी हाक मारत नसे. मंडळाचा सभापती झाला तेव्हापासून तो सभापती. पुढं राजधानीत निवडून गेला, दुसऱ्यांदाही गेला, बंदर खात्याचा उपमंत्री झाला, पेपरात नावामागं माननीय लागलं, तरी गावाच्या तोंडी सभापतीच राहिलं. बारक्या म्हणणारा एकटा थोरला उरला होता.

दारात थोरल्याच्या बायकोनं पाय धुवायला पाणी दिलं. दिराला असं बॅगेसकट, एकटं, उतरलेल्या तोंडानं तिनं कधी पाहिलं नव्हतं. "जाऊबाई? पोरगी?"

"बंगला रिकामा करताहेत, वहिनी. सामान तिच्या भावाकडं टाकतील. मी म्हटलं, तुम्ही आवरा, मी जरा घरी जाऊन येतो."

"बरं केलंत, भावजी."

जेवताना भात कालवता कालवता तो म्हणाला, "मला कुणी पाडलं माहितीये का? पैशानं नाही, जातपातीनं नाही. दोन शब्दांनी पाडलं. 'फोटोत येतो'. भिंतीवर तेच, पोरांच्या तोंडात तेच. एका सभेत मी बोलायला उभा राहिलो तर मागून एक जण ओरडला, साहेब, जरा डावीकडं सरका, फोटो चांगला येईल. अख्खी सभा हसली. त्या दिवशीच मला कळलं, गेलो आपण." त्यानं घास तोंडाशी नेला आणि तिथंच थांबवला. "पंपवाल्याचं डोकं. वाक्य मात्र झकास काढलं हरामखोरानं. बाहेरच्यांनी काय वाटेल ते करावं, दादा. घर आपलं पाठीशी होतं, तेवढं पुष्कळ."

थोरल्याच्या बायकोनं नवऱ्याकडे पाहिलं. थोरला ताटात बघून जेवत राहिला.

ते दोन शब्द पंपवाल्याचे नव्हते.

निवडणुकीच्या आधी शाळेच्या पटांगणात विरोधकांची बैठक झाली होती. पंप भाड्यानं देणारा हा पंपवाला त्यांचा पुढारी. थोरला तिथं जाणारच नव्हता. पण त्याच आठवड्यात एक गोष्ट घडली होती. सभापतीच्या गाड्यांचा ताफा गावात आला आणि बांधावर थांबला. थोरला गुडघाभर चिखलात उभा राहून बांधाची खचलेली कड सारखी करत होता. फोटो काढणारा एक पोरगेला माणूस पुढं आला, "काका, जरा द्या," म्हणाला आणि थोरल्याच्या हातातलं फावडं घेऊन गेला. सभापतीनं फावडं धरलं, बाही वर केली, चिखलात मारल्यासारखं केलं. दोन-तीन फोटो निघाले. बाहीला चिखल लागला म्हणून कुणीतरी थोरल्याची कळशी उचलली आणि त्याच्या प्यायच्या पाण्यानं साहेबांची बाही धुतली. गाड्यांच्या घाईत सभापतीनं लांबूनच हात हलवला. गाड्या गेल्या. उन्हात थोरल्याला दुपारभर प्यायला पाणी नव्हतं.

बैठकीत पंपवाल्यानं त्याला सगळ्यांसमोर विचारलं, "थोरले, तुम्ही सांगा. तुमचा सख्खा भाऊ. बांध फुटायला आला की कधी येतो का हो तो?"

थोरल्याची जीभ जन्मात कधी चारचौघांत सुटली नव्हती. त्या दिवशी सुटली. तो म्हणाला, "येतो की. फोटोत येतो."

पटांगण फुटलं. माणसं एकमेकांच्या पाठीवर थापा मारून हसली. बाया पदर तोंडाला लावून हसल्या. पंपवाल्याच्या डोळ्यांत पाणी आलं. थोरल्याला लोकांनी आयुष्यभर राबताना पाहिलं होतं. त्याच्या बोलण्यावर हसताना कुणी पाहिलं नव्हतं. त्याला छातीत कसं मोकळं मोकळं वाटलं. घरी जाताना लोक त्याच्याशी बोलत होते, त्याला पुढं घालून चालत होते.

त्या हसण्यातच त्याला बारक्याचा अंगठा आठवला होता. नवीन सभापती झाला त्या वर्षी खाडीचं पाणी वाफ्यांत घ्यायचं दार उधाणात अडकलं, तेव्हा हाच बारक्या अंगात ताप असताना पाण्यात उतरला होता आणि दार खाली आपटताना त्याचा अंगठा चौकटीत चेंगरला होता. तो अजून वाकडा आहे. तेवढा एक प्रसंग सांगायला एक वाक्य लागलं असतं. ते थोरल्याच्या ओठांपर्यंत आलं होतं. पण लोक हसत होते. त्यानं ते गिळलं.

सकाळी सभापती थोरल्याची जुनी अर्धी चड्डी घालून वाफ्यावर हजर. पोट सुटलेलं, पोटऱ्या पांढऱ्याफटक. थोरल्यानं त्याच्या हातात लाकडी दंताळं दिलं.

"जोरात ओढू नकोस. खालचा चिखल वर येतो. नुसती मिठाची पापडी सरकव."

"माहितीये रे."

माहीत होतं, पण हाताला राहिलं नव्हतं. पहिल्याच वाफ्यात त्यानं मीठ काळं केलं. दुसऱ्या वाफ्यात हाताला फोड आले, तिसऱ्यात फुटले, आणि फुटलेल्या फोडांत मिठाचं पाणी गेलं तसा तो दातओठ खात खाली बसला. शेजारच्या वाफ्यांतल्या बायकांची दंताळी थांबली. याच माणसाला या लोकांनी खांद्यावर घेऊन मिरवलं होतं.

शेजारची म्हातारी कुणाला भीक घालणारी नव्हती. ती ओरडली, "काय सभापती, फोटोवाला कुठं राहिला?"

"राजधानीत राहिला, आजी. आता त्याला दुसऱ्याचे फोटो काढायचेत."

बायका हसल्या. सभापती त्यांच्याहून मोठ्यानं हसला. थोरला खाली मान घालून दंताळं ओढत राहिला. म्हातारीची नजर त्याच्या पाठीवर आहे, हे त्याला पाठीलाच कळत होतं. तीही त्या दिवशी पटांगणात होती. सगळं गाव होतं. कुणाच्या तोंडून कधी निघेल याचा नेम नव्हता, आणि त्याचा जीव टांगणीला लागला होता. दोघं भाऊ पाट्या घेऊन सडकेकडे निघाले की समोरून येणारा कोण आहे, हे तो लांबूनच निरखायचा. गप्पिष्ट माणूस दिसला की म्हणायचा, "चल, इकडून जाऊ." सभापतीला वाटे, आपली लाज राखण्यासाठी दादा आडवाटेनं नेतोय. एकदा तर तो म्हणालाही, "माझ्यामुळं तुला तोंड चुकवत फिरावं लागतंय."

दुपारी लोक अंगणात येत. सवयच होती. एकाच्या विधवा बहिणीचं पेन्शन अडलं होतं, एकाच्या पोराला दाखला मिळत नव्हता. "आता माझं कोण ऐकतंय," असं म्हणत सभापती फोन लावायला बसे. पूर्वी हाच माणूस फोन उचलायचा आणि पलीकडचे उभे राहून बोलत. आता पलीकडून गाणं वाजे, मग एखादा कारकून म्हणे, साहेब मीटिंगमध्ये आहेत. त्यातला एक जण सभापतीची बॅग उचलून मोठा झालेला. त्यानं आवाज ओळखला, तरी "कोण बोलतंय?" म्हणून तीनदा विचारलं आणि तीनदा सभापतीनं स्वतःचं नाव सांगितलं. तिसऱ्यांदा सांगताना त्याचे कान लाल झाले होते. थोरला ओट्यावर पाटीची फाटकी कड शिवत बसला होता. सुई बोटात गेली तरी तो शिवत राहिला.

"सांगून टाका," बायको चुलीपाशी हळूच म्हणाली. "बाहेरून कळलं तर जास्त लागेल त्यांना."

"सांगतो."

"कधी?"

"बघू. योग्य वेळ आली की."

"तुम्हीही मंत्र्यासारखंच बोलायला लागलात," ती म्हणाली आणि भांडं जरा आपटूनच ठेवलं.

उधाण आलं ते दिवसाढवळ्या. पौर्णिमेची भरती, त्यात दोन दिवस समुद्राकडून वारा. दुपारी थोरला बांधावर गेला तेव्हा पाणी कडेला लागलं होतं आणि ठेकेदाराच्या मातीतून बुडबुडे येत होते.

हा बांध पूर्वी गावच सांभाळी. उधाणाच्या आधी घरटी एक माणूस येई, खाडीतला काळा चिकट चिखल कापून हातोहात लावला जाई. सभापती झाल्यावर बारक्यानं पहिलं काम केलं ते हे, की ही बेगार बंद. बांध सरकारचा, सरकार बांधेल. लोकांनी त्याला खांद्यावर घेतलं ते याच गोष्टीसाठी. मग ठेकेदार आला, ट्रकनं लाल मुरमाड माती आली. मुरुम खाऱ्या पाण्यात भाजलेल्या बिस्किटासारखा सुटतो. बांध फुटायचा, ठेकेदार भरायचा, पुन्हा फुटायचा. राजधानीत गेल्यावर सभापतीनं पक्क्या भिंतीचं वचन दिलं. पायाचा दगड बसवला. दगड अजून होता. भिंत आली नाही.

थोरल्याच्या डोळ्यांदेखत बांधाचा एक तुकडा आवाज न करता आत बसला. आधी बैलगाडी जाईल एवढा, मग ट्रक जाईल एवढा. पाणी वाफ्यांवर पसरलं. पांढऱ्यावर मातकट रंग चढत गेला. महिनाभर उन्हात जमवलेलं मीठ जिथल्या तिथं विरघळलं. थोरला पळाला नाही, ओरडलाही नाही. बघत उभा राहिला. शेजारच्या म्हातारीनं मात्र वाफ्यात बसकण मारली आणि ओरडायला लागली.

ओहोटी लागल्यावर घळ बुजवायची, पुढची भरती चढायच्या आत. नाहीतर पाणी रोज दोनदा आत येणार, वाफ्यांची तुडवून घट्ट केलेली जमीन उकरून नेणार, आणि मग हंगामच गेला.

"माणसं लागतील," थोरला म्हणाला.

"मी आणतो," सभापती म्हणाला.

तो चिखलाच्या पायांनी दारोदार गेला. त्यानं आयुष्यभर हेच केलं होतं, हात जोडून दारात उभं राहायचं. पण पूर्वी मागे माणसं असत. एका दारात उत्तर आलं, "ठेकेदाराला सांगा की." दुसऱ्या दारातून कुणीतरी विचारलं, "फोटो आहे का? मग सदरा बदलून येतो." तिसऱ्या घरानं दार लोटून घेतलं. तो तिथंच उभा राहिला. दाराकडे बघून मोठ्यानं म्हणाला, "बेगार बंद केली ते चुकलं माझं. बांध तुमचा होता. मी तुमच्याकडून काढून घेतला आणि तुम्हाला वाटलं मी काहीतरी दिलं. आता चला. मला शिव्या तिथं येऊन द्या."

हे भाषण चांगलं होतं की खरं होतं, हे लोकांना ठरवता येईना. पण काही जण आले. म्हातारीच्या दोन्ही सुना आल्या. आणखी दहाबारा माणसं आली, कुणी फावडी घेऊन, कुणी रिकामी पोती घेऊन. शेवटी पंपवालाही आला, हातगाडीवर पंप टाकून. "मीठ माझंही बुडालंय," एवढंच तो म्हणाला.

घळीच्या तोंडातून आतलं पाणी अजून जोरात बाहेर ओढत होतं. पोतं टाकलं की वाहून जाई. खुंट ठोकले तर ते वाकत. सूर्य कलला होता. थोरल्याची बायको म्हणाली, "दार काढा."

"कुठलं?"

"घराचं. दुसरं कुठलं?"

थोरल्यानं घराचं पुढचं दार बिजागऱ्यांवरून उचललं. घळीत ते आडवं घातलं आणि ते धरायला दोघं भाऊ पाण्यात उतरले. दाराला पाठ लावून, पाय चिखलात रोवून उभे राहिले. त्यांच्या पुढ्यात बाकीच्यांनी चिखलाची पोती रचायला सुरुवात केली. पाणी कमरेला होतं आणि थंड. दाराची कडी थोरल्याच्या पाठीत रुतत होती. सभापतीची हनुवटी थरथरत होती, पण तो हटला नाही.

म्हातारी बांधावरून ओरडली, "आता काढा रे कुणीतरी फोटो! सभापती खरोखर पाण्यात उतरलाय!"

सगळे हसले. पोत्यांची साखळी क्षणभर थांबली. सभापतीही हसला, दात वाजत असताना म्हणाला, "या पंपवाल्यानं मला जन्माचं नाव ठेवलं."

पंपवाला पंपाची दोरी ओढता ओढता वैतागून म्हणाला, "माझ्यावर काय घालता सारखं? ते वाक्य माझं नव्हतंच, ते तर…"

आणि थांबला. त्यानं थोरल्याकडे पाहिलं. साखळीतल्या सगळ्यांनी कुठंतरी दुसरीकडे पाहिलं. मग पंप सुरू झाला आणि त्याच्या आवाजात सगळं बुडालं. थोरल्याला वाटलं, सुटलो. आता नुसतं गप्प राहायचं. पंप फडफडत होता, पोती येत होती, ओहोटी संपून पाणी आता फिरायला लागलं होतं.

"माझं होतं," तो म्हणाला.

"काय?"

"ते वाक्य. फोटोत येतो. मी बोललो. शाळेच्या पटांगणात."

सभापतीची पाठ दारावरून सुटली. लगेच त्या बाजूनं पाणी उसळून आलं, एक पोतं फिरलं.

"दाब! बारक्या, दाब!"

त्यानं पाठ पुन्हा लावली. दोघांचे खांदे एकमेकांना घासत होते. जायला जागा नव्हती. एकानं सोडलं असतं तर दुसरा दारासकट वाहून गेला असता. पोत्यामागून पोती येत राहिली. सभापती ती हातात घेऊन पायाशी बसवत राहिला. थोरला वाट बघत होता. त्याला शिवी हवी होती. शिवी आली असती तर बरं झालं असतं.

बऱ्याच वेळानं सभापती समोर बघत म्हणाला, "लोक हसले?"

"हसले."

"तुला बरं वाटलं?"

थोरल्याला खोटं बोलायचं होतं. "वाटलं," तो म्हणाला.

"वाटतंच." एक पोतं आलं, त्यानं ते गुडघ्यानं खाली दाबलं. "माझ्या पहिल्या सभेत मी बाबांची नक्कल केली होती. ते भरतीला शिव्या द्यायचे तशी. बाबा जाऊन तेव्हा वर्षही झालं नव्हतं. माणसं लोटपोट झाली. तू मागं उभा होतास. तुझं तोंड मला दिसत होतं आणि तरी मी पुढं करत राहिलो. त्या हसण्यावर मी निवडून आलो."

थोरल्याला ती सभा आठवत होती.

"अंगठ्याचं नाही सांगितलंस?"

"नाही."

"विसरलास?"

"आठवत होतं."

सभापतीनं मान फिरवून त्याच्याकडे पाहिलं. आल्यापासून पहिल्यांदाच भावाचे डोळे थोरल्याच्या डोळ्यांत आले, आणि ते हरलेल्या माणसाचे नव्हते, मार खाल्लेल्या पोराचे होते. मग त्यानं तोंड वळवलं. अंधार पडेपर्यंत दोघांनी दार धरलं. पोती पाण्याच्या वर आली, चिखल थापला गेला, बांध एकसंध झाला. दार मात्र आत तसंच गाडलं गेलं. ते काढणं शक्यच नव्हतं.

सभापती त्यानंतर निघून जाईल असं थोरल्याला वाटलं होतं. तो गेला नाही. रोज वाफ्यावर आला. पाणी ओसरलेले वाफे पुन्हा तुडवावे लागतात, टाचेला टाच लावून, एकेक पाऊल, ओल्या मातीची लादी होईपर्यंत. दोघं भाऊ एकाच वाफ्यात तुडवत. सभापती वहिनीशी बोले, म्हातारीशी बोले, पंपवाल्याशीसुद्धा बोलला. थोरल्याशी नाही. पाणी हवं असलं तर स्वतः उठून घेई. एकदा थोरल्यानं तांब्या पुढं केला. सभापतीनं तो घेतला, खाली ठेवला आणि कळशीतून ओंजळीनं प्यायला. कुणी पाहिलं नाही. थोरल्यानं तांब्या उचलून जागेवर ठेवला.

घराला दाराच्या जागी पोत्याचा पडदा होता. वारा आला की तो आत यायचा, आणि थोरला दर वेळी दचकून बघायचा, कोण आलं म्हणून.

"भांडा तरी," बायको म्हणाली.

"तो भांडत नाही."

"मग तुम्ही माफी मागा."

"मागितली. काल तुडवताना."

"काय म्हणाले?"

"'पलीकडचा कोपरा मऊ राहिलाय' म्हणाला."

नव्या वाफ्यांवर पहिली पापडी धरली त्याच सुमारास राजधानीतून बोलावणं आलं. पक्षाला प्रचारासाठी माणूस हवा होता. दुसऱ्याच्या पोटनिवडणुकीत दुसऱ्यासाठी बोलणारा. मंत्रिपद तर दूरच, व्यासपीठावर मोठे लोक येईपर्यंत गर्दी धरून ठेवणारा. सभापतीनं फोनवर "हो, हो" म्हटलं आणि पांढरा सदरा बाहेर काढला. वहिनीनं तो धुऊन ठेवला होता; कॉलर मिठानं जरा ताठ झाली होती.

थोरल्यानं बॅग उचलली आणि एसटीच्या थांब्यापर्यंत मागं मागं चालला. थांब्यावर तीन-चार माणसं होती. सभापती त्यांच्याशी हसून बोलला, एकाच्या पोराची चौकशी केली. एसटी आली. त्यानं थोरल्याच्या हातातून बॅग घेतली. घेताना वाकडा अंगठा बॅगेच्या पट्ट्यात अडकला, तो त्यानं दुसऱ्या हातानं सोडवला.

"पुढच्या उधाणाला पाणी चढायला लागलं की फोन कर, दादा," तो म्हणाला. "येईन."

थोरल्यानं मान हलवली. हा आवाज त्याला ओळखीचा होता. याच आवाजात बारक्यानं हजारो माणसांना 'येईन' म्हटलं होतं, आणि तेव्हा प्रत्येक वेळी त्याला खरंच यायचं असायचं. थोरला आता त्या हजारांतला एक होऊन थांब्यावर उभा होता. एसटी गेल्यावरही बराच वेळ उभा राहिला.

पुढचं उधाण अमावास्येला आलं. दुपारी पाणी पोत्यांच्या कडेला लागलं. थोरल्याची बायको म्हणाली, "फोन करा."

"कशाला? बघू."

"ते सांगून गेलेत. करा."

त्यानं बांधावर उभं राहून फोन लावला. हात ओले होते, बटणं दोनदा चुकली. लागला तेव्हा पलीकडून आधी माणसांचा आवाज आला, पुष्कळ माणसांचा, आणि त्यावर ध्वनिक्षेपकातून बारक्याचा. तो काहीतरी सांगत होता. मग गर्दी हसली. हास्याची लाट फोनमधून थोरल्याच्या कानावर आदळली. ती विरायच्या आतच आवाज जवळ आला, घाईचा, धापा टाकणारा.

"दादा? थांब, खाली उतरतो. हं, बोल. पाणी चढलंय का? मी निघू का? इथून संध्याकाळपर्यंत पोहोचतो. दादा?"

मागून कुणीतरी त्याला हाका मारत होतं, साहेब, साहेब, भाषण अर्धंच राहिलं. बारक्या त्यांना म्हणाला, "गप्प बसा रे जरा, माझा भाऊ आहे."

थोरल्याच्या पायाखालची पोती ओली होत होती. पाणी दोन बोटं वर आलं होतं, आणि आणखी येत होतं.

"दादा, ऐकतोयस ना? निघू?"

"नको," थोरला म्हणाला. "उतरलंय पाणी. सहज केला होता फोन."

"नक्की?"

"नक्की. तू बोल. लोक थांबलेत."

त्यानं फोन बंद करून बायकोच्या हातात दिला. तिनं पदर खोचला आणि एक पोतं उघडून धरलं. थोरला बांधाच्या आतल्या अंगाला चिखलात उतरला आणि त्यानं फावडं मारलं.